घरातला पट, पारावरचा पट

लातूर जिल्ह्यातल्या जुन्या किल्लारीत पारावर बुद्धिबळाचा डाव बसायचा तो देशी नियमांचा. प्यादं पहिल्या चालीलाही एकच घर सरकायचं. किल्लेकोट नव्हता, त्याऐवजी राजाला एकदा घोड्यासारखी अडीच घरं उडी मारायची मुभा असायची. प्यादं पलीकडं ज्या घरात पोचेल, त्याच घराचा मोहरा व्हायचं. उंटाच्या घरात पोचलं तर उंट, वजीर मागायची सोय नाही. आणि प्याद्यानं मात दिली की जिंकणारा आठवडाभर मिशीला पीळ देत फिरायचा. ३० सप्टेंबर १९९३च्या पहाटे भूकंपात माळवदं कोसळली, गाव नव्या जागी वसलं. रस्ते रुंद झाले, प्लॉट चौकोनी आखले गेले. पारावरचा तो डाव मात्र मी पुन्हा बसलेला पाहिला नाही.

हे आठवलं ते जुलै २०२५ मध्ये, नागपूरची दिव्या देशमुख बातुमीत महिला विश्वचषक जिंकली तेव्हा. मराठी वर्तमानपत्रांनी 'नारीशक्ती'पासून 'विदर्भकन्ये'पर्यंत सगळे मथळे वापरून टाकले. एक गोष्ट मात्र फारशी कुणी लिहिली नाही. मराठी बुद्धिबळात बायका पुढं असणं ही बातमीच नव्हे, पन्नास वर्षांचा रिवाज आहे.

१९७४ला पहिली राष्ट्रीय महिला स्पर्धा झाली ती मुंबईच्या वासंती खाडिलकरनं जिंकली. तिच्या मागोमाग जयश्री आणि रोहिणी. 'नवाकाळ'चे संपादक नीलकंठ खाडिलकर यांच्या या तीन मुली, आणि पहिल्या दशकात हे विजेतेपद त्या घराबाहेर गेलंच नाही. धाकटी रोहिणी तर १९७६ मध्ये, तेरा वर्षांची असताना, पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत उतरली. काहींना ते झोंबलं. आक्षेप आले, प्रकरण न्यायालयापर्यंत गेलं. शेवटी जागतिक बुद्धिबळ महासंघाचे अध्यक्ष आणि माजी विश्वविजेते मॅक्स युवे यांनी निर्वाळा दिला की राष्ट्रीय वा आंतरराष्ट्रीय स्पर्धेतून बाईला बाई म्हणून वगळता येणार नाही. आज कुठल्याही खुल्या स्पर्धेत एखादी मुलगी निवांत जाऊन पटासमोर बसते, त्या निवांतपणाचं थोडं देणं गिरगावातल्या त्या घराला लागतं. रोहिणी १९८१ आणि १९८३ला आशियाई विजेतीही झाली.

मग भाग्यश्री साठे आणि अनुपमा अभ्यंकर आल्या. रोहिणी, भाग्यश्री, अनुपमा या तिघींच्या नावावर प्रत्येकी पाच राष्ट्रीय विजेतेपदं आहेत. अनुपमाला १९८६ला पद्मश्री मिळाली, भाग्यश्रीला १९८७ला. भाग्यश्रीनं लग्न केलं प्रवीण ठिपसेंशी, अनुपमानं रघुनंदन गोखल्यांशी. दोघेही खेळाडू, गोखले तर द्रोणाचार्य पुरस्कार मिळालेले प्रशिक्षक. पुण्याचा अभिजित कुंटे २०००ला देशाचा चौथा ग्रँडमास्टर झाला, त्याची बहीण मृणालिनीही खेळाडू. गाण्यात आपण 'घराणं' म्हणतो ते गुरूवरून, शैलीवरून. बुद्धिबळात मराठी घराणं म्हणजे शब्दशः घर: बाप, बहिणी, नवरा-बायको, जेवणाच्या टेबलावरचा पट.

या घरांनी काय दिलं ते वर आलं. काय देता आलं नाही, तेही बोललं पाहिजे. ठिपसेंना अर्जुन पुरस्कार मिळाला १९८४ला आणि ग्रँडमास्टर किताब १९९७ला. मधल्या तेरा वर्षांचा दोष मी त्यांच्या खेळाला देणार नाही. किताबासाठी लागणारे नॉर्म मिळवायचे तर परदेशी किताबधारकांशी खेळावं लागतं, म्हणजे तिकडं जावं लागतं, नाहीतर त्यांना इकडं आणावं लागतं. घर हे कुठवर करणार? आशियात दोनदा पहिल्या आलेल्या मुलीला पुढची पायरी बांधून द्यायला आपल्याकडं कुणी नव्हतं.

सांगली हा सुखद अपवाद. भाऊसाहेब पडसलगीकरांच्या नूतन बुद्धिबळ मंडळानं वर्षानुवर्षं मे महिन्यात स्पर्धा भरवल्या, खेळाडूंची राहण्याजेवणाची काळजी घेतली आणि एका मध्यम गावाला देशाच्या नकाशावर ठेवलं. पण एका माणसाच्या झपाटलेपणावर उभं राहिलेलं मंडळ दुसऱ्या जिल्ह्यात उचलून नेता येत नाही. चेन्नईत मात्र १९७०च्या दशकात सोव्हिएत सांस्कृतिक केंद्रात ताल क्लब निघाला, विश्वनाथन आनंद तिथंच तयार झाला. पुढं अकादम्या आल्या, सुट्ट्या आणि फी सांभाळून घेणाऱ्या शाळा आल्या. गुकेश आणि प्रज्ञानंद एकाच शाळेचे विद्यार्थी, हा योगायोग नव्हे. आपल्याकडं योगायोगच जास्त.

नव्या पिढीचा खेळ मला आवडतो, पण तिच्यातही घराचीच छाप दिसते. नाशिकचा विदित गुजराथी डॉक्टर आईवडिलांचा मुलगा. २०२३ला त्यानं ग्रँड स्विस जिंकली आणि २०२४ला टोरंटोत कँडिडेट्स स्पर्धेपर्यंत पोचला. तिथं दुसऱ्याच फेरीत काळ्या मोहऱ्यांनी खेळताना नाकामुराच्या राजासमोर उंट फेकून त्यानं डाव मारला, आणि नवव्या फेरीत त्याच नाकामुराला पुन्हा हरवलं. तरी चौदा डावांत एकूण गुण सहाच. विदितचा खेळ असा आहे: तयारी पक्की असली की देखणा, पट अनोळखी झाला की चाचपडणारा. त्याच वर्षी बुडापेस्टच्या ऑलिम्पियाडमध्ये मात्र संघात बसून त्यानं सोनं आणलं. महिला संघानंही सोनं जिंकलं, कप्तान अभिजित कुंटे, आणि तिसऱ्या पटावर वैयक्तिक सुवर्ण दिव्याला.

दिव्या वेगळी आहे. तिचेही आईवडील डॉक्टर, पण तिच्या खेळात कसलाही घरगुती संकोच नाही. बातुमीला तिला मानांकन होतं पंधरावं आणि ग्रँडमास्टरचा एकही नॉर्म हातात नव्हता. तरी झू जिनेर, हारिका, तान झोंगयी अशा एकेकीला बाजूला सारत ती अंतिम फेरीत पोचली. समोर कोनेरू हंपी, जी २००२ मध्ये पंधराव्या वर्षीच ग्रँडमास्टर झाली होती. दोन्ही क्लासिकल डाव बरोबरीत, पहिला रॅपिडही बरोबरीत. दुसऱ्या रॅपिडला दिव्याकडं काळे मोहरे होते. वेळेच्या ओढाताणीत हंपी चुकली. १९ वर्षांची ही मुलगी त्या विजयासरशी भारताची ८८वी ग्रँडमास्टर झाली आणि आईच्या गळ्यात पडून रडली. तिथंही पटाशेजारी घरच होतं.

मुंबई, पुणे, सांगली, नाशिक, नागपूर अशी नावं या लेखात आली. किल्लारीचा पार सोडला तर मराठवाड्याचं एकही आलं नाही, हे लिहिता लिहिताच माझ्या लक्षात आलं. आमच्याकडं पोरं मंद आहेत म्हणून नव्हे. लातूर तर घोकण्याचं, सरावाचं, घड्याळ लावून पेपर सोडवण्याचं माहेरघर. 'लातूर पॅटर्न' ऐकून दूरदूरच्या जिल्ह्यांतली मुलं इथं खोली करून राहतात. सराव परीक्षांची अखंड माळ, चुकलेल्या प्रश्नांची वही, एकाच वयाच्या शेकडो मुलांची एकमेकांशी चुरस. बुद्धिबळाच्या प्रशिक्षकाला स्वर्ग वाटावा असा हा कारखाना. पण त्यातून बाहेर एकच मोहरा पडतो: डॉक्टर. जिल्हा स्पर्धेत चमकलेलं पोरगं नववीत गेलं की पट माळ्यावर जातो, बापाला विचारा, तो म्हणेल, "आधी 'नीट'ची परीक्षा होऊ द्या, मग खेळंल की." पारावरचा जुना नियमच तो: प्यादं ज्या घरात पोचलं त्या घराचा मोहरा, आणि घर आधीच ठरलेलं.

यात गंमत एवढीच की नागपूर आणि नाशिकचे हे दोन्ही पट डॉक्टरांच्या घरात मांडले गेले, आणि डॉक्टर घडवण्यात लातूरचा हात धरणारं कुणी नाही. इथून बाहेर पडलेल्या त्या शेकडो डॉक्टरांच्या घरी आज पाच-सहा वर्षांची मुलं असतील. त्यांतल्या एखादीला कुणी उंटाची तिरकी चाल शिकवतही असेल, पुण्यात किंवा संभाजीनगरात. किल्लारीत शिकवणारं कोण, हे मला सध्या तरी दिसत नाही. माझ्याकडं लाकडी मोहऱ्यांचा एक संच आहे, त्यातला एक घोडा हरवलाय. त्याच्या जागी आम्ही बाटलीचं बूच लावतो.