उरलेली रिळे

चंद्रपूरच्या आमच्या उर्दू शाळेत ‘आलम आरा’चा (1931) विषय निघाला. पहिला भारतीय बोलपट. एका मुलाने विचारले, “सर, त्यातली उर्दू कशी होती?” मला सांगता येईना. त्या चित्रपटाची एकही प्रत उरलेली नाही.

तीच खंत मनात ठेवून मी शिवेंद्रसिंह डुंगरपूर यांचा ‘सेल्युलॉइड मॅन’ (2012) पाहिला. लहानपणी सिनेमाची तिकिटे जपून ठेवणारे पी. के. नायर पुढे पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयासाठी रिळे शोधत फिरले. चांदीसाठी रिळे कशी नष्ट झाली, हे ऐकताना जीव कळवळतो. मात्र नामवंतांची स्तुती फार लांबते. रिळे प्रत्यक्ष दुरुस्त करणाऱ्या हातांना त्यामानाने जागा कमी मिळते.

चाहतेपण डुंगरपूर यांनी पुढे निभावले, हे मान्य करावेच लागेल. 2014 साली त्यांनी फिल्म हेरिटेज फाउंडेशन काढले. बेनेगलांचा ‘मंथन’ (1976) या संस्थेने नव्याने सिद्ध केला आणि तो 2024 साली कान महोत्सवात दाखवला गेला. चित्र मूळ निगेटिव्हवरून घेतले, आवाज एका जुन्या प्रतीवरून. ‘आलम आरा’साठी असे एखादे रीळसुद्धा हाती नाही.