बेकारीचा वेळ आणि 'अधांतर'

जयंत पवार यांचे 'अधांतर' (१९९७) हे नाटक गिरणी संपाचा दस्तऐवज म्हणून वाचण्याचा प्रघात आहे. १८ जानेवारी १९८२ रोजी सुरू झालेल्या त्या संपात सुमारे अडीच लाख कामगार उतरले आणि त्यांतील असंख्य पुन्हा कामावर गेलेच नाहीत. तेव्हा हा प्रघात अगदीच निराधार नाही. तथापि, त्यामुळे नाटकातील बेकारी ही केवळ मिळकतीची बाब ठरते आणि तिने माणसांच्या मनात काय केले, हा प्रश्न मागे पडतो.

गिरणगावातील खोली पाळ्यांच्या आधारावर उभी होती. एक साच्यावर असताना दुसरा झोपलेला, म्हणून तर एवढी माणसे तेवढ्या जागेत मावत. भोंगा थांबला तेव्हा मजुरीबरोबर ही सोयही गेली. लेखक होऊ पाहणारा बाबा, क्रिकेटमध्ये बुडालेला मोहन, गुंडगिरीकडे वळलेला नरू ही भावंडे एकमेकांना बोचकारतात त्यामागे स्वभावदोषांहून ही कोंडी अधिक आहे.

ऑस्ट्रियातील मारिएनथाल गावची कापडगिरणी बंद पडल्यावर मारी याहोडा, पॉल लाझार्सफेल्ड आणि हान्स त्सायझेल यांनी तेथील बेकारांचा अभ्यास केला (१९३३). हाती वेळच वेळ असूनही ग्रंथालयातून नेल्या जाणाऱ्या पुस्तकांची संख्या जवळपास निम्म्यावर आली होती. पुरुषांची चालसुद्धा मंदावली होती. (साहित्याच्या अभ्यासकाने तरी पुस्तकांची ही नोंद विसरू नये.) घरकामामुळे स्त्रियांचा दिवस मात्र पुरुषांच्या दिवसासारखा विस्कटला नव्हता. संसार रेटणारी आई आणि तिचे मुलगे यांच्यातील अंतर या प्रकाशात पाहिले, तर मुलग्यांना 'आळशी' म्हणून मोकळे होता येत नाही.

अशा पात्रांना 'परात्म' म्हणण्याची आपल्याकडे सवय आहे. पण मार्क्सची परात्मता श्रमातून उद्भवते. येथे श्रमच उरलेला नाही. 'कोसला'तील (१९६३) पांडुरंग सांगवीकराशी तुलनाही फार पुढे जात नाही. त्याच्या रितेपणाला वडिलांच्या पैशाचा टेकू आहे आणि शेवटी परतण्यासाठी सांगवी आहे. 'अधांतर'मधील भावंडे मुळातच त्या खोलीत आहेत, आणि नरूला सापडलेली बाहेरची वाट टोळीकडे जाते.