नागाशिनोच्या तीन हजार बंदुका : एक पाठपरीक्षण

जपानांतील बंदुकांचा इतिहास लिहिणारे बहुतेक ग्रंथकार नागाशिनोच्या लढाईविषयीं एकच कथा सांगतात. १५७५ सालीं ओदा नोबुनागानें मेढेकोटाआड तीन हजार बंदुकदार तीन रांगांत उभे केले. एक रांग फैर झाडी, तोंवर मागील दोन रांगा बंदुका ठाशीत. आणि ताकेदा कात्सुयोरीचें नामांकित घोडदळ त्या अखंड माऱ्यापुढें नाश पावलें. या कथेस आधार कोणता, एवढेंच येथें पाहावयाचें आहे.

आधार दोन आहेत, व ते सारख्या तोलाचे नाहींत. पहिला ओता ग्यूइचीचा ग्रंथ. हा नोबुनागाच्या पदरचा तिरंदाज. जन्म १५२७ चा. धन्याचें चरित्र त्यानें आपल्या टिपणांवरून रचिलें, व त्याच्या हातच्या प्रती अद्यापि विद्यमान आहेत. दुसरा ओझे होआनचा. होआन १५६४ सालीं जन्मला, म्हणजे लढाईच्या वेळीं तो केवळ अकरा वर्षांचा होता. त्यानें ग्यूइचीचाच ग्रंथ हाताशीं धरून त्यांत नीतिबोध व अलंकार यांची भर घातली. तो छापून निघाल्यामुळें सर्वत्र पसरला. ग्यूइचीचा मात्र दीर्घकाळ हस्तलिखितांतच राहिला. बखरींच्या वाचकांस हा प्रकार अपरिचित नाहीं.

आतां पाठ पाहूं. सास्सा नारिमासा, माएदा तोशिइए प्रभृति पांच अंमलदारांच्या हाताखालीं सुमारें एक हजार बंदुका होत्या, असें ग्यूइची लिहितो. पाळीपाळीनें झाडलेल्या फैरींविषयीं त्याच्या ग्रंथांत अक्षर नाहीं. हजार हजारांनीं आलटून पालटून मारा केल्याचें वर्णन होआनचें आहे. मात्र ओकायामा विद्यापीठाच्या संग्रहांत इकेदा घराण्याची जी ग्यूइचीच्या स्वहस्ताची प्रत आहे, तींत ‘हजार’ या अक्षराच्या बाजूस ‘तीन’ हें अक्षर लहान आकारांत लिहिलेलें आढळतें. सर्व वाद या अक्षराचा. कोणी तें कर्त्यानेंच केलेलें शोधन मानितात, कोणी मागाहून घातलेला प्रक्षेप.

आमच्या मतें येथें दोन प्रश्नांची गल्लत झाली आहे. तें अक्षर कर्त्याचें ठरलें तरी केवळ संख्या वाढेल. तीन रांगा त्यांतून निघत नाहींत. उलटपक्षीं तें प्रक्षिप्त ठरलें तरी एकंदर बंदुका हजारच होत्या असें सिद्ध होत नाहीं. कारण तोबिगासूकडे पाठविलेल्या तुकडीबरोबर आणखी पांचशें बंदुका दिल्याचें ग्यूइचीच सांगतो.

दुसरी शंका हत्याराच्या रीतीवरून येते. बंदूक तोड्याची, तोंडाकडून ठासावयाची. दारू ओतणें, गोळी सारणें, गज मारणें, कानावर रंजक घालणें, आणि हें सर्व जळता तोडा सांभाळून. हजार माणसांनीं तें एका हुकुमासरशीं करावयाचें तर एकत्र कवाईत पाहिजे. परंतु होसोकावा फुजिताका, त्सुत्सुई जुन्केई अशा निरनिराळ्या सरदारांनींही या स्वारीस आपले बंदुकदार पाठविले होते. अशा मिश्र दळाकडून लांबलचक आघाडीवर ती शिस्त पाळली गेली, हें पुराव्यावांचून मान्य करणें कठीण.

मग कथा प्रमाण कशी ठरली? जपानी सेनेच्या मुख्य कचेरीनें १९०३ सालीं काढिलेल्या युद्धेतिहासानें तिच्यावर शिक्का मारला. पुढें १९८८ सालीं जॉफ्री पार्कर या ब्रिटिश इतिहासकारानें पाळीच्या फैरींत जपान युरोपाच्या वीस वर्षें पुढें होता, असें प्रतिपादिलें. युरोपाचा पुरावा म्हणजे विलेम लोडेवेइक याचें १५९४ चें पत्र. त्यांत त्यानें रांगांची आकृति काढून दाखविली आहे. एका बाजूस अस्सल पत्र व दुसऱ्या बाजूस उत्तरकालीन सालंकृत चरित्र, अशा तुलनेवरून अग्रमानाचा निवाडा करणें न्याय्य नव्हे.

तथापि दुसऱ्या टोकास जाऊन बंदुकांचें महत्त्वच नाकारणें हेंही चुकीचें. ताकेदांच्या पांच तुकड्या एकीमागून एक चालून आल्या व बंदुकांच्या माऱ्यानें विरळ होऊन परतल्या, सूर्योदयापासून दुपार कलेपर्यंत हें चाललें, असें ग्यूइचीच लिहितो. तेवढें आम्ही निःशंक मानितों. तीन रांगा होआनच्या पदरीं घालतों.

२०११ सालीं ग्यूइचीच्या ग्रंथाचें इंग्रजी भाषांतर लायडेन येथून प्रसिद्ध झालें आहे. जपानी न जाणणारासही तो आतां वाचतां येतो. जुन्या पोथ्या छापणारांस यांतून घेण्याजोगा धडा एकच. बाजूस लिहिलेलें अक्षर मुकाट्यानें ओळींत घेऊं नये. तें कोठें, कोणत्या हातचें व केवढें आहे, हें छापून मग आपलें मत द्यावें. एका अक्षरानें दोन हजार बंदुका वाढतात, हें येथें दिसलेंच आहे.