शेजारी कोण बसतं? सुमित्रा भावे यांच्या पटकथांविषयी

सुमित्रा भावे मूळच्या समाजकार्याच्या क्षेत्रातल्या. १९८५ साली त्यांनी झोपडपट्टीतल्या एका बाईवर ‘बाई’ हा लघुपट केला. पुढे सुनील सुकथनकरांबरोबर कथापट केले, पण अभ्यासकाची सवय सुटली नाही. माणूस एकटा पडला की आधी बघायचं, त्याच्या भोवती कोण आहे?

बर्गमनचा ‘पर्सोना’ (१९६६) आठवा. बोलणं थांबवलेली नटी, तिची परिचारिका आणि समुद्राकाठचं घर. तिथे जवळीकच दोघींना पोखरते. भाव्यांचा प्रश्न वेगळा आहे. दुसऱ्याच्या मनातलं पुरतं कळणार नाहीच. मग न कळताही त्याच्याजवळ थांबता येतं का?

‘देवराई’त (२००४) शेषला स्किझोफ्रेनिया आहे, पण कथेचा निम्मा भार त्याच्या बहिणीवर, सीनावर आहे. ‘अस्तु’मध्ये स्मृती हरवलेले संस्कृत पंडित चक्रपाणी शास्त्री हत्तीमागे निघून जातात. हत्तीवाल्याची बायको चन्नम्मा त्यांना सांभाळते. ते तिला आई मानतात. आजाराचं नाव मुलीला ठाऊक आहे, तरी तीच जास्त कासावीस, कारण तिला पूर्वीचे वडील हवे आहेत. चन्नम्मापुढे फक्त एक भुकेला म्हातारा आहे. या चित्रपटाच्या संवादांसाठी भाव्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. आम्हाला मात्र त्यातली न बोललेली जागा मोठी वाटते: चन्नम्मा त्यांच्याकडून ओळखीची अपेक्षाच करत नाही.

‘कासव’ला सुवर्णकमळ मिळालं. आमची तक्रार तिथेच आहे. खचलेल्या तरुणाला आसरा देणाऱ्या जानकीकडे कोकणात घर आहे, गाडी आहे, हाताशी माणसं आहेत. इथे विठ्ठलवाडीत सकाळची लोकल पकडून रात्री परतणाऱ्या घरात, आजारी भावाजवळ दिवसभर बसायला माणूस कुठून आणायचा? करुणेलाही जागा आणि वेळ लागतो, हे ‘कासव’ विसरतो.

मग चन्नम्माकडे तरी काय होतं, असं तुम्ही विचाराल. बरोबर आहे. पण तिची गाठ थोड्या वेळापुरती आहे, मुलीची वर्षानुवर्षांची. ‘अस्तु’ची पटकथा हे जाणते, म्हणून मुलीला दोषी ठरवत नाही. एकट्या पडलेल्या माणसाइतकाच त्याला सांभाळणाराही एकटा पडतो, हे तिथे दिसतं. आपल्या ओळखीत असं घर असेल, तर विचारपूस रुग्णाची करतोच आपण. त्याच्या बहिणीची कधी केली आहे का?