सुधाकराचे पाय

'एकच प्याला'तल्या सुधाकराची भूमिका कशी करू नये, या विषयावर मी अधिकाराने बोलू शकतो. 1983 साली मी ती दोनदा केली. एकदा अमरावतीला, एकदा अकोल्याला.

अमरावतीला टाळ्या पडल्या. प्रेक्षकांत निम्मे आमच्या कचेरीतले आणि उरलेले सासुरवाडीचे होते, हे तेव्हा ध्यानात आले नाही. गंधर्व मंडळीत हा सुधाकर गणपतराव बोडस करीत; त्यांच्यानंतर आपणच, असे ठरवून मी सहा महिन्यांच्या बिनपगारी रजेचा अर्ज लिहून खिशात ठेवला. आता मुंबई! (बायकोला सांगायचे तेवढे राहिले होते.)

अकोल्याला मात्र ओळखीचे कोणी नाही. प्याला तोंडाला लावतो न लावतो तोच मी झोकांड्या खाऊ लागलो. झोकांड्या हेच माझे भांडवल. विंगेवर आदळलो, खुर्चीसकट पडलो. लोक हसले. सिंधू मरते तेव्हाही हसले. ती बिचारी मरतामरता माझ्याकडे रागाने बघत होती.

रात्री मावशीकडे जेवायला गेलो. वरण वाढता वाढता ती म्हणाली, "तुझे काका पिऊन आले का चपला जोडीनं ठेवाचे. एरवी कुठंही भिरकवाचे. मी चपलांवरूनच ओळखाची. पडलेबिडले कधी नाहीत बाप्पा."

काकांना जाऊन तेव्हा चार वर्षे झाली होती. प्रयोगभर मावशी एकदाही हसली नव्हती.

मग मी गडकरी पुन्हा वाचले, आणि या खेपेला दुसऱ्यांची भाषणेही वाचली. सुधाकर वकील आहे, हुशार आहे, मानी आहे. कोर्टात तोंड सुटते, सनद जाते, तो अपमान विसरायला तो पितो. असा माणूस झोकांड्या कशाला खाईल? तो तर आपण शुद्धीवर आहोत हेच जगाला पटवत राहणार. हशे गडकऱ्यांनी तळीरामाच्या वाट्याला दिले होते. ते मी भर रंगमंचावर हिसकावले. गडकरी 1919च्या जानेवारीत आपल्या सावनेरला वारले, नाटक त्यानंतर रंगभूमीवर आले. बोडसांचा सुधाकर त्यांना बघायला मिळाला नाही. माझाही नाही, हे त्यातल्या त्यात बरे.

अर्ज मी बडनेऱ्याला गाडी बदलताना फाडला. घरी पोचल्यावर चपला काढल्या, जोडीने ठेवल्या, आणि बायकोने बघायच्या आत एक जरा पायाने वाकडी केली.