काळ बदलणारे हात

विज्ञानकथा म्हणजे पोट भरलेल्यांची करमणूक, असे चळवळीतले आपले पुष्कळ मित्र मानतात. मला ते मान्य नाही. लेखक अस्तित्वात नसलेला काळ कल्पितो, तेव्हाही समाजाची उतरंड बरोबर घेऊनच जातो; आणि तिथे ती उघडी पडते, कारण तिला झाकायला धर्मग्रंथ नसतो. या दृष्टीने आयझॅक आसिमॉव्ह या अमेरिकन लेखकाची १९५५ साली प्रसिद्ध झालेली 'दि एंड ऑफ इटर्निटी' ही कादंबरी आपण वाचली पाहिजे.

चोविसाव्या शतकात काळावर ताबा मिळवण्याची विद्या सापडते आणि सत्ताविसाव्या शतकात 'इटर्निटी' ही संस्था उभी राहते, अशी कल्पना आहे. ही संस्था काळाच्या बाहेर असते. तिची माणसे शतकाशतकांतून ये-जा करतात, एका शतकाचा माल दुसऱ्याला पुरवतात, आणि मानवजातीचे भले कशात आहे हे स्वतःच ठरवून इतिहास बदलतात. बदल अगदी लहान असतो. नायक अँड्र्यू हारलन २२३व्या शतकात जाऊन एका यंत्रात किंचित बिघाड करतो; त्यामुळे एक तरुण व्याख्यानाला पोचत नाही, एक शोध दहा वर्षे मागे पडतो आणि २२४व्या शतकातले युद्धच होत नाही. युद्ध टळले, चांगलेच झाले. पण अशा बदलांत कित्येक माणसे होती तशी उरत नाहीत, काही तर जन्मलेलीच नसतात. त्यांना कुणी विचारलेले नसते.

आता संस्थेच्या आत पाहा. 'कॉम्प्युटर' या पदावरचे वरिष्ठ (ही यंत्रे नव्हेत, माणसेच) गणित मांडून निर्णय घेतात. समाजशास्त्रज्ञ अहवाल देतात, माणसांच्या आयुष्यांचे आराखडे मांडणारे वेगळे. निर्णय झाला की तो हाताने अमलात आणतो 'टेक्निशियन'. हारलन टेक्निशियन आहे. त्याच्या खांद्यावरची लाल खूण दिसली की त्याचेच सहकारी नजर चुकवतात, अंतर राखून चालतात. माणसे पुसून टाकण्याचा निर्णय सर्वांचा, पाप मात्र ज्याचा हात लागला त्याचे!

हे वाचताना मला गावचे ढोर आठवले. गाय मालकाची, दूध मालकाच्या घरात गेलेले, मेली तीही मालकाच्या गोठ्यात. पण ती ओढून नेणारा माझा आजा बाटलेला, आणि मालक सोवळा.

तरी घाईने बरोबरी करू नये. टेक्निशियनपण जन्माने येत नाही. इटर्निटीची माणसे निरनिराळ्या शतकांतून कोवळ्या वयात उचलून आणून शिकवलेली असतात. हारलनपाशी विद्या आहे, त्याचा दरारा आहे, पोटाला कमी नाही. आपल्या माणसापाशी यांतले काय होते? परंतु म्हणूनच हे चित्र मला महत्त्वाचे वाटते. जन्माचा आणि धर्माचा आधार काढून घेतला तरी शिवाशीव उरते, हे ते दाखवते. ठरवणारे डोके आणि करणारा हात यांची फारकत झाली की विटाळ हाताला चिकटतो. जात ही श्रमाची नव्हे तर श्रमिकांची विभागणी आहे, हे बाबासाहेबांनी १९३६ सालीच 'अ‍ॅनिहिलेशन ऑफ कास्ट'मध्ये मांडले. इथे ती विभागणी एका अमेरिकन कादंबरीत, मनूशिवाय, उभी आहे.

आसिमॉव्हला एवढे दिसले याचे श्रेय त्याला दिले पाहिजे. पण त्याची नजर एका पायरीवर थांबते. टेक्निशियनच्याही खाली 'मेंटेनन्स'वाले आहेत. जे उमेदवार कोणत्याही विद्येला लायक ठरत नाहीत, ते तिथे जातात. अन्नपाण्याची व्यवस्था आणि घाणीची विल्हेवाट ही त्यांची कामे. त्यांच्यावाचून इटर्निटी एक दिवस चालणार नाही, हे लेखकाला माहीत आहे. तो ते सांगतो आणि पुढे निघून जातो. त्यांच्यातला एकही माणूस कथेत पात्र म्हणून उभा राहत नाही. काळाच्या बाहेर गेले तरी कचरा उचलणारा आहेच, त्याला तोंड मात्र नाही. स्त्रियांची गत निराळी: त्यांना काळातून उचलले तर इतिहास फार ढळतो, असे शास्त्रीय कारण देऊन त्यांना जवळजवळ बाहेरच ठेवले आहे. शास्त्रीय कारणे आपल्यालाही नवी नाहीत.

शेवटी इटर्निटी मोडते. पण का? तिने निर्वेध सुखाच्या नादात मानवजातीला ताऱ्यांपर्यंत वेळेवर पोचू दिले नाही, हा तिच्यावरचा निर्णायक आरोप ठरतो. पुसल्या गेलेल्यांची फिर्याद निकालात येत नाही. साम्राज्य चुकले ते त्याने विस्तार केला नाही म्हणून, असा हा न्याय. मला तो पटत नाही.

मराठीतही काळाची अशी उलथापालथ झाली आहे. जयंत नारळीकरांच्या 'गंगाधरपंतांचे पानिपत' या कथेत १७६१ ची लढाई मराठे जिंकतात. पुण्याचे राज्यकर्ते विज्ञान जवळ करतात आणि विसाव्या शतकात देश लोकशाहीकडे वळतो. कथा रचनेला घट्ट आहे, विज्ञान सोपे करून सांगणारी आहे. प्रश्न एवढाच की त्या विजयी पुण्यात अस्पृश्याच्या कमरेचा झाडू आणि गळ्यातले मडके कधी सुटले? पेशवाईतल्या या सक्तीची नोंद बाबासाहेबांनी त्याच १९३६ च्या पुस्तकात केली आहे. जोतीराव-सावित्रीबाईंची १८४८ ची शाळा तिथे निघाली काय? विश्वासरावांना लागणारी गोळी चुकवता येते, मग ही चौकशी का जमू नये?

पुढच्या सत्रात या दोन्ही कृती मी वर्गात शेजारी शेजारी ठेवणार आहे, आणि घाणीची विल्हेवाट लावणाऱ्या मेंटेनन्सवाल्याच्या तोंडून इटर्निटीची हकिगत लिहून आणा, असे मुलांना सांगणार आहे.