गुणदानाचे निकषतक्ते : विश्वसनीयता आणि सप्रमाणता

नंदुरबार जिल्ह्यात तापीकाठी वसलेल्या सारंगखेडा येथे दत्तजयंतीच्या यात्रेत घोड्यांचा मोठा बाजार भरतो. जाणकार दातांवरून वय आणि चालीवरून पायांचे बळ जोखतात. त्याचबरोबर अंगावरील भोवऱ्यांची शुभाशुभताही पाहिली जाते. एखाद्या भोवऱ्याविषयी दोन जाणकारांचे एकमत झाले, तरी त्याचा धावण्याशी संबंध सिद्ध होत नाही. मूल्यमापनशास्त्राच्या परिभाषेत असे एकमत म्हणजे विश्वसनीयता; मोजावयाचे तेच मोजले जाणे म्हणजे सप्रमाणता.

विद्यार्थ्यांचे प्रकल्प व अर्ज तपासण्यासाठी वापरल्या जाणाऱ्या 'रुब्रिक' अर्थात निकषतक्त्याचे परीक्षणही याच दृष्टीने व्हावयास हवे. निकष आणि स्तरांची वर्णने आधीच जाहीर असल्याने परीक्षकाच्या लहरीस आळा बसतो, हा त्याचा लाभ नाकारता येत नाही. परंतु गैरलागू निकष तक्त्यात शिरला, की अन्यायही नियमबद्ध होतो. या जिल्ह्यातील अनेक विद्यार्थ्यांच्या घरची बोली भिली, पावरी वा अहिराणी आहे. भूगोलाच्या क्षेत्रभेट-अहवालात 'भाषाशुद्धी'स स्वतंत्र गुण ठेवून 'मांडणी' व 'सादरीकरण' यांतही तीच मोजली, तर एकाच उणिवेपायी तीनदा गुण कापले जातात आणि अचूक निरीक्षणाचे मोल घटते.

तक्ता टाकून देणे हा यावरील उपाय नव्हे. प्रत्येक निकष अभ्यासक्रमाच्या उद्दिष्टाशी ताडून घ्यावा. एक उणीव एकदाच मोजावी. दोन अध्यापकांनी काही नमुना-अहवाल स्वतंत्रपणे तपासून मतभेदांची कारणे नोंदवावीत. अन्यथा तक्ता काटेकोर असूनही भोवराच मोजला जाईल, चाल नव्हे.